सात खुंट्या, दोन भोंगे आणि दोना झेनाइदेचं दार

लागोआ तोर्ता,
शनिवार, न्याहारीनंतर (मक्याचा वाफवलेला कुस्कुस आणि अंडं, दुसरं काय असणार?)

प्रिय लिंदाउराताई,

आधी आशीर्वाद दे, मग पुढे वाच. वाचून झाल्यावर तू देशीलच याची खात्री नाही, म्हणून आगाऊ मागून ठेवतो. तुझा गुडघा कसा आहे? साओ पावलोच्या थंडीत तो दुखतो असं दाजी म्हणाले. त्यावर एरंडेल तेल चोळ आणि दाजींना दुकानात पाठवून तू घरी बस. दोन्ही उपाय गुडघ्याला मानवतात. इकडे सगळं ठीक. जूनच्या सणातल्या शेकोट्यांची राख अजून रस्त्यावर उडते आहे, शेळ्या महाग झाल्या आहेत, आणि माझी नवी कवळी आता जेवताना बसते, फक्त बोलताना उठते.

फोन का केला नाही, असं तू विचारशील. ताई, फोनवर तू पहिल्या वाक्याला हॅलो म्हणतेस आणि दुसऱ्या वाक्यापासून सल्ला देतेस. गावात मी जिथे जाईन तिथे माझाच आवाज सगळ्यांना ऐकावा लागतो, हा माझा धंदाच आहे, पण तुझ्यापुढे आजवर माझं एक वाक्य पूर्ण झालेलं नाही. पत्राला मात्र तुला मधेच तोडता येत नाही. तेव्हा बस. बसलीस? तर उद्या रविवारी, चर्च सुटल्यावर, मी माझी गाडी दोना झेनाइदेच्या दारात उभी करणार आहे आणि टपावरच्या भोंग्यातून, सगळ्या गावासमोर, तिला लग्नाचं विचारणार आहे. आवाज नीट आला तर ती उत्तर देईल. नीट आला नाही तर देणार नाही, असं तिने स्वतः सांगितलं आहे. म्हणजे या वयात माझा संसार एका यंत्राच्या सात खुंट्यांवर टांगलेला आहे, आणि ते यंत्र दाजींनीच पाठवलेलं असल्यामुळे थोडी जबाबदारी तुमच्या घरावरही येते.

(ऊठ, पाणी पी, आणि परत ये.)

सुरुवातीपासून सांगतो. दाजींनी बसवाल्या एदिव्हानबरोबर पाठवलेला इक्वलायझर सुखरूप पोचला. डबा उघडला तर आत सुंदर काळी पट्टी, तिच्यावर वर-खाली सरकणाऱ्या सात खुंट्या: डावीकडची ढम्म आवाजाची, उजवीकडची चुर्र आवाजाची, आणि मधल्या पाच कशाच्या ते त्या देवाला आणि दाजींना माहीत. मी ताबडतोब फोन केला. दाजी म्हणाले, सोपं आहे, खुंट्यांची रांग हसऱ्या चेहऱ्यासारखी दिसली पाहिजे: दोन्ही टोकं वर, मधलं खाली. शहरात सगळ्यांच्या गाड्या अशाच हसतात. मी म्हटलं, वा! सायकलला पत्र्याचा भोंगा बांधून मासळीचा भाव ओरडत फिरलेला मी माणूस; माझ्या पांढऱ्या गाडीच्या पोटात आता एक चेहरा हसणार, याचं मला कोण कौतुक वाटलं.

त्याच दिवशी म्हातारे फिर्मिनो वारले. आता गावात कोण जन्मलं, कोण गेलं, कुठे कोंबडी स्वस्त झाली, हे सगळं माझ्याच टपावरून जातं हे तुला ठाऊक आहे. मी नेहमीचं संथ संगीत लावलं, माइक हातात घेतला आणि दफनाची वेळ सांगत निघालो. ताई, त्या हसऱ्या चेहऱ्याने काय केलं म्हणतेस? संगीताच्या तळाशी जे काही मंद घुमत होतं ते ढम्म ढम्म करत वर आलं, नंबरप्लेट थरथरायला लागली, माझ्या कवळीने ठेका धरला, आणि माझा आवाज पार नाहीसा झाला. माणसाचा आवाज मधल्या खुंट्यांत राहतो, हे मला त्या दिवशी कळलं. मधलं खाली केलं की माणूसच खाली जातो. असाच ठेका वाजवत येणारी गॅसची गाडी आली असं समजून बायका रिकामे सिलिंडर लोटत दारात आल्या, पोरं गाडीपुढे नाचायला लागली, आणि फिर्मिनोंचा मेहुणा टोपी हातात धरून माझ्या खिडकीशी धावत आला. म्हणाला, ‘‘जेनिवाल, आमचा माणूस मेलाय रे! त्याला पुरायला नेतोयस की नाचवायला?’’ अर्धं गाव दफनाला उशिरा पोचलं. जे पोचले त्यातल्या दोघांच्या खांद्यावर सिलिंडर होते.

मग आपला न्हावी बिउ मदतीला आला. (मदतीला येणाऱ्या मित्राला दारातूनच परत पाठवायची पद्धत आपल्याकडे नाही, हे आपलं मोठं नुकसान आहे.) बिउ म्हणाला, ‘‘तुझे दाजी शहरातले, त्यांना काय कळतंय? माणूस मधे राहतो ना? मग मधलं सगळं वर कर!’’ आणि त्याने पाचही खुंट्या छतापर्यंत ढकलल्या. दुसऱ्या दिवशी मी खाटकाच्या बोकडाची जाहिरात करत निघालो. आवाज असा निघाला, की कुणीतरी माझं नाक चिमटीत धरून मला पिंपात बसवलंय. गावातली कुत्री माझ्यामागे सूर लावत आली. खाटीक म्हणाला, लोकांना वाटलं जाहिरात बोकडच करतोय, तीही कापता कापता. एकट्या बिउला मात्र आवाज स्वच्छ वाटला. त्याचा डावा कान पूर्ण बंद आहे हे तेव्हा मला समजलं. इतकी वर्षं मी खुर्चीच्या डाव्या बाजूने त्याला माझी सुखदुःखं सांगत आलो आणि म्हणत आलो, काय शांतपणे ऐकतो हा माणूस!

तेव्हा ठरवलं, बास. माझे कान देवाने सल्ले ऐकायला दिलेले नाहीत. गल्लीच्या टोकाला मोटारसायकल वळली तर कुणाची ते मी अंथरुणातून सांगतो. कॉफीचं भांडं भरलंय की अर्धं आहे ते उकळण्यावरून ओळखतो. माझं मीच लावीन. आणि लावायचं कुठे, तर जिथे सगळ्यांत वाईट ऐकू येतं तिथे. तिथे जमलं की गावभर जमलं. अशी जागा गावात एकच: जुन्या कापसाच्या गोदामासमोरची गल्ली. गोदामाची भिंत एवढी उंच आहे, की तुम्ही एक शब्द टाकलात की ती दोन परत करते. या भिंतीच्या बरोबर समोर कोण राहतं, याचा मी त्या वेळी खरोखर विचार केला नव्हता. (तू हसू नकोस. बरं, थोडासा केला होता.) समोर दोना झेनाइदेचं घर आणि घरातच तिचं सुई-दोऱ्याचं दुकान.

बुधवारी भर दुपारी, जेवून सगळं गाव टांगलेल्या झोळ्यांत झोपलेलं असताना, मी गाडी तिथे उभी केली. तपासायला बोलणारा आवाज हवा, म्हणून पेनड्राइव्हवरचा पहिला संदेश लावला. तो नेमका प्रेमाचा निघाला. तू उंच इमारतीत राहून विसरली असशील म्हणून सांगतो: लोक पैसे देऊन असे तयार संदेश आपल्या माणसाच्या दारात माझ्याकडून वाजवून घेतात. गाडी दारात थांबली की ज्याच्यासाठी संदेश असेल त्याने फाटकाशी येऊन उभं राहायचं, शेवटपर्यंत ऐकायचं, रडायचं (न आलं तरी), शेजाऱ्यांनी टाळ्या वाजवायच्या, मग मिठी, मग अग्निबाण. मधेच घरात जाणं म्हणजे पाठवणाऱ्याच्या तोंडावर दार लावणं. तर भोंग्यातून तो मखमली गळ्याचा अनोळखी माणूस बोलायला लागला, ‘‘आज एक हृदय तुझ्या दाराशी थांबलं आहे...’’ आणि मला शोध लागला, की गाडीत बसून काही कळत नाही. भोंग्यांची तोंडं बाहेर. ऐकणारा उंबऱ्यावर, आणि मी खाली सीटवर. दाजींची गाडी दाजींसाठी गाते, माझी दुसऱ्यांसाठी, हा मूळ फरक. मग मी उतरलो, दोना झेनाइदेच्या फाटकाशी जाऊन उभा राहिलो, चुर्र आवाज नीट ऐकू यावा म्हणून डोळे मिटले, आणि ढम्म आवाज किती लागतो ते कळावं म्हणून हात छातीवर ठेवला.

ताई, आता हे चित्र तू रस्त्याच्या पलीकडून बघ.

मी मात्र कामात होतो. परत गाडीकडे गेलो, पहिली खुंटी खाली घेतली, संदेश पहिल्यापासून लावला, परत फाटकाशी आलो, डोळे मिटले, हात छातीवर. परत गेलो, सहावी थोडी उतरवली, कारण ‘स’ आला की भोंगा शिट्टी मारत होता. पुन्हा पहिल्यापासून, पुन्हा फाटक, पुन्हा डोळे, पुन्हा छाती. संदेशात एके ठिकाणी नावासाठी जागा कोरी सोडलेली असते, तिथे मी एरवी माइकवरून नाव घालतो. त्या दुपारी मी कशाला नाव घालीन? तिसऱ्या का चौथ्या खेपेला भोंगा म्हणाला, ‘‘माझ्या आयुष्याचा प्रकाश, माझी लाडकी...’’ आणि त्या शांततेत माझ्या पाठीमागून पन्नासेक माणसं एका आवाजात ओरडली, ‘‘झे-ना-इ-दे!’’

डोळे उघडले. सगळी गल्ली जागी होती. कुणी बनियनवर, कुणी खुर्ची घेऊन, कुणी ताट घेऊन. बायका डोळे पुसत होत्या. एक म्हातारी दुसरीला सांगत होती, ‘‘चार वेळा विचारलं गं त्याने! माझ्या म्हाताऱ्याने तर एकदाही धड विचारलं नव्हतं. म्हणाला, भांडी घासतेस ना चांगली?’’ आणि फाटकाच्या आत, माझ्यापासून हातभर अंतरावर, केसांना गुंडाळ्या, गळ्यात मोजायची टेप आणि ओठांत दोन टाचण्या अशी दोना झेनाइदे उभी होती. रीतीप्रमाणे. ताठ. शेवटपर्यंत. संदेश संपला. लोकांनी ‘‘मिठी! मिठी!’’ सुरू केलं. मी हात पुढे केला, जसा बँकेच्या मॅनेजरपुढे करतात तसा. तिने टाचण्या ओठांतून काढून टेपला टोचल्या, मला रीतसर मिठी मारली आणि कानात म्हणाली, ‘‘जेनिवाल, आवाज नाकातून येतोय.’’ तेवढ्यात कुणीतरी सणाचा उरलेला अग्निबाण सोडला. तो गोदामाच्या भिंतीवर आपटून बिउच्या दुकानात शिरला. बिउला तो ऐकू आला नाही, वासावरून कळलं.

रात्रभर झोप नाही. गुरुवारी खरं काय ते सांगून टाकावं म्हणून तिच्या दुकानात गेलो. आधी एक बटण मागितलं. (मी नेहमी बटणच मागतो. माझ्याकडे आता सदऱ्यांपेक्षा बटणं जास्त आहेत.) मग म्हटलं, ‘‘दोना झेनाइदे, काल जे झालं ते... म्हणजे मी खरं तर यंत्र...’’

‘‘यंत्र लावत होतास. माहीत आहे मला,’’ ती म्हणाली. ‘‘प्रेमात पडलेला माणूस दाराकडे बघतो. तू दाराला कान लावून होतास.’’

‘‘मग तुम्ही बाहेर कशाला आलात?’’

ती बटणं निवडत राहिली. मग म्हणाली, ‘‘या गावात प्रत्येकीच्या दारात तुझी गाडी थांबून झाली. त्या बेकरीवालीच्या तर तीनदा, आणि तिचा नवरा तिच्याशी बोलतही नाही! माझ्या दारात नुसती वळायलासुद्धा कधी आली नाही. आमच्या ह्यांना गोंगाट खपायचा नाही. ते गेले, तरी कुणाच्या लक्षात आलं नाही की आता खपतो म्हणून. काल थांबली. चुकून का होईना, थांबली. मी पूर्ण ऐकून घेतली.’’

ताई, माझे कान तीक्ष्ण आहेत हे तुला माहीत आहे. तिच्या आवाजात जे काही तळाशी होतं ते मला स्वच्छ ऐकू आलं, आणि त्यासाठी एकही खुंटी हलवावी लागली नाही. मी म्हटलं, ‘‘यंत्राचं सोडा. ती जागा मी काही डोळे मिटून निवडली नव्हती.’’ एवढं बोलायला मला एवढी बटणं घ्यावी लागली.

ती म्हणाली, ‘‘मग रविवारी ये. चर्च सुटल्यावर. आणि ते भाड्याचं हृदय आणू नकोस. तो मखमली बाबा मला माहीत नाही, तू माहीत आहेस. तुझ्या आवाजात बोल. आणि नीट ऐकू येऊ दे. निम्मं ऐकून उत्तर द्यायची सवय मला एकदा महागात पडली आहे.’’ बटण कागदात गुंडाळून दिलं. दारातून हाक मारली, ‘‘आणि कवळी घट्ट बसव!’’

(तुझं आणि तिचं बोलणं का बंद आहे ते मी तेव्हाही विचारलं नाही. आजही विचारत नाही. मी शहाणा माणूस आहे.)

शुक्रवारचा सगळा दिवस मी गावाबाहेरच्या सुकलेल्या तळ्यात गाडी नेऊन घालवला. स्वतःचा आवाज रेकॉर्ड केला आणि भोंग्यातून ऐकला. ताई, इतकी वर्षं तुम्ही सगळ्यांनी मला सांगितलं कसं नाही? करडू ओरडतंय करडू! माइकवर आतून मला वाटायचं, काय भारदस्त बोलतो मी. आधी सगळ्या खुंट्या वर केल्या, मोठा आवाज म्हणजे चांगला आवाज या जुन्या समजुतीने, तर करडाचा कळप झाला. मग दमून झाडाखाली बसलो, गुळाचा खडा खाल्ला आणि उलटं सुरू केलं. सगळ्या खुंट्या बरोबर मधे आणल्या. इंजिनाची घरघर ज्या खुंटीत होती ती उतरवली. शिट्टी उतरवली. कुठे नाक बोलतंय ते शोधायला एकेक खुंटी मुद्दाम पूर्ण वर नेऊन पाहिली: चौथी वर नेली आणि तळ्यातले बगळे उडाले. सापडलं नाक! तिला खाली घेतली. नंबरप्लेटच्या मागे जुन्या चपलेचे तुकडे कापून बसवले. असं एकेक नको ते काढत गेलो आणि वर काहीच चढवलं नाही. संध्याकाळी परत ऐकलं, तर करडू गेलं होतं. मखमली बाबा काही आला नाही. साधा जेनिवाल होता, जरा बारीक आवाजाचा, पण शब्द न् शब्द कळणारा. मी पंचवीस पावलं लांब उभा राहून त्याचं ऐकलं. बरा वाटला माणूस. म्हटलं, याला एखादी हो म्हणेलही.

फक्त काय बोलायचं ते अजून सुचलेलं नाही. आयुष्यभर दुसऱ्यांची हृदयं टपावर घेऊन हिंडलो, स्वतःचं काढायची वेळ आली तर तोंडात खाटकाच्या जाहिराती येतात. ‘ताजं, खात्रीचं, आजच या’ असं काहीतरी होणार. होऊ दे. ताजं नसलं तरी खात्रीचं आहे.

बसवाला एदिव्हान सोमवारी निघतो, त्याच्याबरोबर हे पत्र देतो. दाजींना नमस्कार. तुझ्या गुडघ्याला माझा विशेष नमस्कार. आशीर्वाद पक्का समजतो.

तुझा धाकटा,
जेनिवाल

ता. क. – दाजींना सांग, हसरा चेहरा त्यांच्या गाडीत चालू ठेवायला माझी हरकत नाही. फक्त त्यांनी मयताची बातमी सांगू नये.

ता. क. २ – (सोमवार पहाट. एदिव्हान दारात हॉर्न वाजवतोय. एक सिलिंडर ढिला झालाय त्याच्या इंजिनाचा, आवाजावरून सांगतो.) ताई, काल झालं. खुर्च्या तर सकाळपासूनच लावलेल्या होत्या, शेंगदाणेवालाही आला होता. मी गाडी उभी केली, माइक घेतला आणि म्हणालो, ‘‘दोना झेनाइदे, मी जेनिवाल. बटणं पुरे झाली. लग्न करशील का?’’ एवढंच. गोदामाच्या भिंतीनेसुद्धा या वेळी एकदाच म्हटलं. तिला आत ऐकू आलं, शेवटच्या घरापर्यंत आलं, बिउच्या उजव्या कानालाही आलं. ती फाटक उघडून बाहेर आली. गुंडाळ्या नव्हत्या. हिरवा झगा होता. मिठी मारली आणि माझ्या कानात हळूच उत्तर दिलं.

ता. क. ३ – माइक माझ्या हातात होता आणि चालू होता. ताई, मी यंत्र इतकं सुरेख लावलं होतं, की कुजबुज सगळ्या गावाला ऐकू गेली. ती पुढीलप्रमाणे: ‘‘हो. पण लग्नाचा केक मी माझ्याच साच्यात करणार, आणि तो साचा तुझी ताई सणाला म्हणून मागून घेऊन गेली ती साओ पावलोलाच घेऊन गेली. तो आला की तारीख ठरवू.’’ मग मागून फिर्मिनोंचा मेहुणा म्हणाला, ‘‘लिंदाउरा होय! आमच्याकडच्या बारशाला तिने केलेल्या केकला ती नक्षी कुठून आली, ते आज कळलं.’’ टाळ्या झाल्या. अग्निबाण झाला. मी तुझी बाजू घ्यायला तोंड उघडलं होतं, देवाशपथ, पण नेमकी कवळी सुटली.

ता. क. ४ – तर ताई, मधे नळी असलेला, अॅल्युमिनियमचा, कडेला फुलांची नक्षी. तुझ्याकडे असा साचा नाहीच म्हणतेस? मग जो नाही तो जुन्या वर्तमानपत्रात गुंडाळ आणि एदिव्हानच्या हाती दे. नळीला पोचा येऊ देऊ नको. आणि स्वतः घेऊन येत असशील तर गुंडाळायची गरज नाही, मांडीवर धरून बस. तुमची बस कोपऱ्यावर वळली की मला आवाजावरून कळेल, मी गाडी घेऊन थांब्यावर येईन. भोंगा बंद ठेवीन. तुला जे काय तिच्याशी बोलायचं असेल ते तुम्ही दोघी स्वयंपाकघरात बोला, दार लावून.